शिळा आणि शिळा सूर: स्फटिक, दगडी वास्तू आणि वेळ वाकवणाऱ्या विधीबद्दल

प्रश्न थोडक्यात असा आहे. एका गेमसाठी काल्पनिक विधीकला रचायचीय, तीत गाणारे स्फटिक आहेत, एक दगडी वास्तू आहे जिच्यात वेळ वाकते, आणि पिढ्यानपिढ्या हा विधी करणारे लोक आहेत. प्रश्नकर्त्याने नकाशे काढलेत, पोशाख ठरवलेत, मंत्र पण लिहिलेत. तरी वाचणारे म्हणतात, भारी आहे पण खरं वाटत नाही. चुकतंय कुठे?

मी वीसेक वर्षं आधी नाटकांसाठी आणि मग गेम्ससाठी आवाज करतोय, त्यातला बराच काळ असले 'प्राचीन विधी' शून्यातून उभे करण्यात गेलाय, त्यामुळे लांबण लागेल, सांभाळून घ्या.

तुमचं मुख्य वाक्य आहे, "स्फटिक छेडला की सभागृहात वेळ मंदावते." घोटाळा इथेच आहे. मंदावते हे कळणार कोणाला आणि कशावरून? आत बसलेल्या माणसाची नाडी, श्वास, विचार सगळंच मंदावलं तर त्याला काहीच जाणवणार नाही, तो म्हणेल काय झालं, काहीच नाही झालं. वेळ नुसती वाकत नाही हो, ती मोजणारं काहीतरी असतं आणि ते वाकलेलं दिसतं किंवा ऐकू येतं. म्हणून आधी तुमच्या वास्तूत घड्याळ कुठलं ते ठरवा, आणि ते कानाने वाचता येणारं हवं, कारण तुमची कला संगीताची आहे. एकदा घड्याळ ठरलं की ते बिघडवायचं कसं ते बघू, विधी तिथूनच निघतो.

(सापेक्षतावादाच्या नादी लागू नका, सगळे लागतात. उंचावरचं घड्याळ खरंच पुढे पळतं, २०१० साली अमेरिकेतल्या एनआयएसटी या मोजमापांच्या सरकारी संस्थेने फक्त ३३ सेंटीमीटर उंचीच्या फरकावर हे मोजून दाखवलं. पण १०० मीटर उंच मनोरा बांधलात तर टोकावरच्या आणि पायथ्याच्या घड्याळात एका सेकंदाचा फरक पडायला साधारण २९ लाख वर्षं लागतील. एवढा धीर कुठल्याच खेळाडूला नसतो.)

आता स्फटिक. इथे लोक लगेच रंग, ऊर्जा, कंपनं वगैरे सुरू करतात आणि जे खरंच भन्नाट आहे ते राहून जातं. तुमच्या हातातल्या क्वार्ट्झ घड्याळात एक स्फटिक असतो, आणि त्याला कापलेलं असतं ट्यूनिंग फोर्कच्या आकारात, दोन दातांचा इवलासा चिमटा. १८८० साली पिएर आणि झाक क्युरी या भावांनी दाखवलं की असले स्फटिक दाबले की वीज निघते, पुढच्याच वर्षी उलटंही सिद्ध झालं की वीज दिली की स्फटिक हलतो, आणि १९२७ मध्ये अमेरिकेतल्या बेल लॅब या प्रयोगशाळेत वॉरन मॅरिसनने त्यावर घड्याळ चालवलं. आजच्या हातघड्याळातला चिमटा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो. हा आकडा असा विचित्र का? कारण तो निम्मा करा, परत निम्मा करा, असं १५ वेळा केलंत की बरोब्बर १ उरतो. आणि गाणाऱ्या माणसाला विचारा, कंपनं निम्मी होणं म्हणजे काय, तर एक सप्तक खाली येणं. म्हणजे एक सेकंद हा एका स्फटिकाचा सूर आहे, १५ सप्तकं खाली उतरवलेला. संगीत, स्फटिक आणि वेळ तुम्ही कल्पनेने एकत्र आणताय ना, ते मनगटावर आधीच एकत्र आहेत.

आणि हा स्फटिक रुसतो पण. साधारण २५ अंश सेल्सियसला तो सगळ्यात वेगात असतो, गरम झाला तरी मागे पडतो आणि गार झाला तरी मागेच पडतो. २० अंशांचा फरक पडला की दिवसाला एक सेकंदाच्या थोडा वर. मला हे फार आवडतं, कारण दोन्हीकडून मागेच जाणारी वस्तू म्हणजे विधीचा नियम तयारच आहे, तो आपल्याला शोधावा लागत नाही.

मात्र तुमच्या वर्णनात "मानवी उंचीचे गाणारे स्फटिक" आहेत, त्याबद्दल जरा. मेक्सिकोतल्या नायका खाणीत २००० साली सापडलेल्या गुहेत ११-११ मीटर लांबीचे स्फटिक आहेत, फोटो बघून सगळ्यांनाच ते वाजवावेसे वाटतात. ते सेलेनाइटचे आहेत, म्हणजे जिप्सम, नखाने ओरखडा निघतो. वाजवायला एकदम नालायक. क्वार्ट्झची मात्र चपटी पट्टी कापली, मीटरभर लांब आणि तीनेक सेंटीमीटर जाड, तर हिशेबाने १७०-१८० हर्ट्झच्या (म्हणजे सेकंदाला तेवढी कंपनं) आसपासचा सूर निघावा, आरामात पुरुषी आवाजाच्या टप्प्यातला. ती टांगायची कुठे हे महत्त्वाचं: दोन्ही टोकांपासून लांबीच्या साधारण २२ टक्क्यांवर. तिथे पट्टी हलतच नाही. दुसरीकडे कुठेही बांधलीत तर सूर गळा दाबल्यासारखा मरतो. लांबी निम्मी केली तर सूर दोन सप्तकं वर जातो, त्यामुळे तुमच्या चित्रात शंभर स्फटिक एकाच मापाचे दाखवलेत ते बदला, लहान-मोठे करा, नाहीतर कुठलाही वाजवणारा ते बघून हसेल.

आणखी एक, बाजारात 'क्रिस्टल बाऊल' म्हणून मिळतात ते क्वार्ट्झची पूड वितळवून केलेले असतात, आणि वितळून गार झालं की त्यातली स्फटिकाची रचना गेलेली असते, उरते ती काच. काच वाईट नाही हां. बेंजामिन फ्रँकलिनने १७६१ मध्ये काचेचे वाडगे एका आडव्या दांड्यावर ओवून ओल्या बोटांनी वाजवायचं वाद्य केलं, मोझार्टने १७९१ मध्ये त्यासाठी लिहिलं, आणि १९५२ पासून बाशे बंधूंनी फ्रान्समध्ये काचेच्या कांड्यांचं वाद्य केलं तेही ओल्या बोटांनीच वाजतं. बोट काचेवर चिकटतं-सुटतं, चिकटतं-सुटतं, अगदी गजाने तार घासावी तसं. म्हणजे तुमच्या विधीत पाणी लागणार, आणि हात तेलकट असून चालणार नाही. विधीआधी हात धुणं हे तुम्ही 'शुद्धी' म्हणून लिहिलंय, ते कारागिराचं कारण करा, शुद्धी नंतर कोणीतरी जोडली असं दाखवा. खऱ्या परंपरा बऱ्याचदा अशाच बनतात.

आता माझ्या हातून झालेली एक गोष्ट सांगतो, माझं पुढचं सगळं काम त्यावर उभं आहे. एका नाटकात मी काचेचे दोन पेले वाजवून घेत होतो. दोन सूर जवळपास सारखे पण किंचित वेगळे असले की आवाज हेलकावे खातो, वां… वां… वां…, इंजिनियर लोक त्याला बीट्स म्हणतात. २२० आणि २२०.२५ हर्ट्झ असेल तर चार सेकंदाला एक हेलकावा. एक पेला कोरडा, दुसरा अर्ध्याच्या वर पाण्याने भरलेला, पाण्याने त्याचा सूर खाली आणलेला. नटाला सांगितलं होतं, दर तिसऱ्या हेलकाव्याला पुढचं वाक्य. तालमीत झकास चाललं. प्रयोगाच्या दिवशी पेल्यांवर अगदी जवळून दिवा मारला होता, तापत होता, आणि त्या उष्णतेने पाणी उडायला लागलं, बारीक, डोळ्याला दिसणार पण नाही इतकं. पाणी कमी झालं तसा दुसऱ्या पेल्याचा सूर वर चढत पहिल्याला जाऊन मिळायला लागला. हेलकावे लांबले. सहा सेकंद, नऊ सेकंद, मग एवढे लांबले की नट थांबला, वाक्य येईचना, तो हेलकाव्याची वाट बघत नुसता उभा, आणि एका क्षणी दोन्ही सूर एक झाले आणि हेलकावा थांबलाच. नुसता एक सपाट, न हलणारा सूर. प्रेक्षागृहात कोणी खोकलं पण नाही. मी विंगेत डोक्याला हात लावून बसलेलो. मग हळूहळू दुसरा सूर पुढे निघून गेला आणि हेलकावे परत सुरू झाले, आधी सावकाश, मग वेगाने, आणि नट बिचारा वाक्यं घाईघाईत टाकायला लागला. नंतर लोक विचारत होते मधे वेळ थांबवल्यासारखं केलंत ते कसं केलं.

तर हे तुमचं घड्याळ. दोन जवळजवळ सारखे सूर, त्यांचा हेलकावा म्हणजे टिकटिक, आणि ती मंद होते, थांबते, परत सुटते. कुठलाही जादूचा नियम लागला नाही, पाणी आणि उष्णता पुरली. शिवाय नेमकी कधी थांबेल हे वाजवणाऱ्यालाही आधी सांगता येत नाही, आणि विधीत ही अनिश्चितता सोन्यासारखी असते.

राहिली वास्तू. दगडी सभागृहात आवाज रेंगाळतो, पण किती, हे मोजता येतं आणि ते मोजणाऱ्याची गंमत सांगितल्याशिवाय राहवत नाही. हार्वर्डचा वॉलेस सॅबिन १८९५ पासून एका घुमणाऱ्या लेक्चर हॉलच्या मागे लागला होता, रात्री दुसऱ्या थिएटरमधल्या खुर्च्यांच्या गाद्या उचलून आणायच्या, ऑर्गनची एक नळी वाजवायची, आवाज संपेपर्यंतचे सेकंद मोजायचे, आणि सकाळच्या आत गाद्या परत. त्यातून सूत्र निघालं: जागेचं घनफळ घनमीटरमध्ये घ्या, ०.१६१ ने गुणा, आणि भिंती-माणसं-कापड मिळून जेवढं शोषण होतं त्याने भागा. आवाजाची ताकद दहा लाखांश व्हायला लागणारे सेकंद मिळतात.

तुमचं सभागृह २० बाय २० बाय २० मीटर आहे असं धरू. घनफळ ८,०००. आतला पृष्ठभाग २,४०० चौरस मीटर, गुळगुळीत घडीव दगड साधारण दोन टक्के आवाज खातो, म्हणजे शोषण ४८. उत्तर येतं जवळजवळ २७ सेकंद. आता आत १०० माणसं आणून बसवा, एक माणूस अंदाजे अर्धा चौरस मीटर शोषतो, म्हणजे आणखी ५०. उत्तर येतं १३. नुसती माणसं येऊन बसली की घुमारा निम्मा! तुमच्या विधीत हजारोंची गर्दी आहे आणि तिथे सूर 'अनंतकाळ घुमतो', हे दोन्ही एकावेळी जमत नाही. पण उलटं करून बघा, रिकाम्या सभागृहात वेळ लांब आणि भरलेल्यात आखूड, मग कोण आत बसणार यावरून भांडणं होणार, बाहेर थांबणारेही विधीचाच भाग होणार. कोणाला आत घ्यायचं नाही याचं त्या लोकांकडे एक खरं, मोजता येणारं कारण असेल, आणि त्या कारणाचा गैरवापर पण होणार. हे मंत्रांपेक्षा कितीतरी जास्त खरं वाटेल.

खऱ्या जगातला टोकाचा आकडा हवा असेल तर स्कॉटलंडमध्ये इंचिनडाउनला दुसऱ्या महायुद्धातली तेलाची भूमिगत टाकी आहे, दोनशे मीटरपेक्षा लांब, तिथे १२५ हर्ट्झचा आवाज ११२ सेकंद टिकला, २०१४ साली तो विक्रम म्हणून नोंदला गेला. लक्षात घ्या, खालचा सूर. वरचे सूर हवाच खाऊन टाकते, त्यामुळे मोठ्या वास्तूत स्फटिकाची ती किणकिण सगळ्यात आधी मरते आणि खर्ज मागे उरतो. तुमच्या लिखाणात बरोबर उलटं आहे.

एवढ्या घुमाऱ्यात गाणं कसं होतं? द्रुत तर विसराच, तानेचा नुसता लगदा होईल. एक स्वर लावला की तो जाईपर्यंत दुसरा त्यावर बसतो, तिसरा त्यावर, म्हणजे गायचा एक माणूस पण ऐकू येतं तीनचार जणांचं. आत्ताचा स्वर आणि मघाचा स्वर एकत्र. इस्तंबूलच्या आया सोफियात घुमारा दहा सेकंदांच्या वर आहे, आत गायला परवानगी नव्हती म्हणून स्टॅनफर्डच्या लोकांनी तिथे फुगे फोडले, त्या फटाक्याचा घुमारा रेकॉर्ड केला आणि त्यावरून ती जागा कॉम्प्युटरवर उभी करून गायकांना दुसरीकडेच बसवून 'आया सोफियात' गायला लावलं. अशा रेकॉर्ड केलेल्या घुमाऱ्याला इम्पल्स रिस्पॉन्स म्हणतात, तुमच्या गेममध्ये हेच तंत्र वापरा, साधा रिव्हर्ब, म्हणजे तयार कृत्रिम घुमारा, टाकून भागवू नका.

आता खरा मुद्दा. तुम्हाला हवंय की वास्तूत पूर्वजांचा सूर अजून ऐकू येतो. २७ सेकंदांत सूर जातो, ११२ सेकंद मिळाले तरी जातोच, दगड शंभर वर्षं काही धरून ठेवत नाही. मग कोण धरणार? माणसं. कोनाड्यांमध्ये बसलेली, पाळ्या लावून, सूर विरायच्या आत तोच सूर परत लावणारी. तंबोऱ्याला आस असते तशी ही माणसांची आस. असं काही अशक्य नाही बरं का, जर्मनीत हाल्बरश्टाटच्या एका चर्चमध्ये जॉन केज या अमेरिकन संगीतकाराची एक रचना २००१ पासून ऑर्गनवर चालू आहे आणि २६४० साली संपणार आहे, एकेक स्वर वर्षानुवर्षं. तिथे मशीन आहे, तुमच्याकडे गळे असतील.

आणि गळ्यांचं काय होतं हे साथीशिवाय गाणाऱ्या कुठल्याही वृंदाला विचारा, सूर उतरतो. कोणाच्या लक्षात येत नाही, सगळे मिळून उतरतात. तासाभरात थोडासा, मग दहा वर्षांत किती, शंभर वर्षांत किती? तुमच्या लोकांना वाटतंय आपण पहिल्या दिवसाचाच सूर धरून आहोत, आणि तो केव्हाचाच तिथून सरकलाय. हे त्यांना सांगू शकणारी एकच वस्तू वास्तूत आहे. स्फटिक. पहिल्या दिवशी त्याच्यावरूनच सूर लावला होता आणि तो उतरलेला नाही.

बघा आता तिघांना कामं मिळाली: वास्तू सूर लांबवते, माणसं तो पुढे नेतात, स्फटिक खरं सांगतो. स्फटिक पिढीत एकदाच छेडायचा. धरलेला सूर आणि स्फटिकाचा सूर एकत्र आले की हेलकावे सुरू होतात, आणि ते किती वेगात पडतात त्यावरून कळतं आपण किती दूर आलो. नुकताच चुकायला लागलेला सूर असेल तर संथ हेलकावा, बराच उतरला असेल तर खडखडाट, आणि अगदीच लांब गेला असेल तर हेलकावाच नाही, दोन अनोळखी सूर नुसते शेजारी उभे. ते ऐकण्याचा क्षण हा तुमचा विधी.

मग काय करायचं यावर दोन तट पाडा. एक म्हणतो सूर खेचून परत स्फटिकाला मिळवा, हेलकावे लांबत लांबत थांबतील, वेळ पहिल्या दिवसावर येईल. दुसरा म्हणतो, मधल्या सगळ्या माणसांचं आयुष्य त्या उतरण्यात आहे, ते पुसायचा तुम्हाला काय अधिकार. खेळाडूच्या हातात द्या ते, वर खेचायचं की सोडून द्यायचं. 'वेळ मंदावली' असं स्क्रीनवर लिहायची गरजच नाही, त्याला कानाने कळेल. आणि खेचताना ते मोजून नव्हे, ऐकून करायला लावा, मीटर दाखवू नका, हे मी हात जोडून सांगतोय.

नावाचं विचारलं होतं. तुमचं संस्कृतप्रचुर सहा अक्षरी नाव गेमच्या कव्हरवर छान दिसेल, पण रोज तेच काम करणारी माणसं असं बोलत नाहीत. मराठीत शिळा म्हणजे दगड आणि शिळा म्हणजे कालचा, हे फुकट मिळालंय ते घ्या. कोनाड्यातली माणसं म्हणतील "शिळा सूर माझ्याकडे आहे, तू झोप जा". लहान मुलं चिडवतील, शिळा खाणारे. असे दोनचार शब्द सुचले की पुढची भाषा आपोआप सुचते.

स्फटिकांना रंग द्यावेत का, हा शेवटचा प्रश्न. फ्रँकलिनने त्याच्या वाडग्यांच्या कडा आतून रंगवल्या होत्या, सात स्वरांना सात रंग, लाल, नारिंगी, पिवळा असे क्रमाने, आणि मधल्या अर्धस्वरांना पांढरा, कारण फिरणाऱ्या काचेत बोटाला आपला स्वर चटकन सापडायला हवा. तेवढ्यासाठी द्या. आणि जो स्फटिक पिढीत एकदाच छेडला जातो त्याला अजिबात देऊ नका, त्याच्यावर धूळ असू दे, फक्त दोन्ही टोकांपासून २२ टक्क्यांवर जिथे दोर बांधलाय तिथला दोर दरवर्षी कोणीतरी बदलत असतं, तेवढ्या जागा हाताळून गुळगुळीत झालेल्या दाखवा.